सोमवारची बटाट्याची भाकर

मनमाडच्या फलाटावर पॅसेंजरची वाट पाहताना मी पुन्हा एकदा पिशवीत हात घालून पाहिलं. लोणी जागेवर होतं, जुन्या टॉवेलात गुंडाळलेलं. बाकी या प्रवासाला सामान असं नव्हतंच. एक जोडी कपडे, एक स्वेटर आणि खाऱ्या लोण्याची दोन पाकिटं. लोक प्रवासाला निघताना कॅमेरा घेतात; मी नाशिकहून लोणी घेऊन निघाले होते, आणि तेही जालना जिल्ह्यातल्या हसनाबादला, जिथे घरोघरी म्हशी आहेत. पण अर्चना वापरायची ते लोणी खारं असायचं, आणि यात मला काहीही चुकवायचं नव्हतं.

अर्चना माझी मैत्रीण. उत्तर आयर्लंडमधल्या एका लहानशा गावात आम्ही तीन वर्षं एकाच घरात राहिलो. ती तिथल्या इस्पितळात नर्स होती, मी एका कंपनीत संगणकापुढे बसायचे. मागच्या हिवाळ्यात एका सोमवारी सकाळी ती कामावर निघाली, रस्त्यावर बर्फ गोठलेलं होतं, एक व्हॅन घसरली आणि तिच्या अंगावर आली. मी इस्पितळात पोचले तेव्हा सगळं संपलं होतं. पुढे माझंही तिथे मन लागेना. मी नोकरी सोडून नाशिकला परतले.

दिवाळीनंतर तिच्या भावाचा, प्रदीपचा फोन आला. "ताई, वर्षश्राद्ध झालं. आईनं एकच धरून ठेवलंय. अर्ची तिकडं बटाट्याची भाकर खायची ना, ती मला एकदा खायचीय म्हणती. तुम्ही येऊन करून देता का?" नाही म्हणणं शक्यच नव्हतं. जायची हौस होती असंही नाही. जिची मुलगी गेली आहे तिच्यासमोर, त्याच वयाचं आपण धडधाकट जाऊन बसायचं, याची मला खरोखर धास्ती वाटत होती.

पॅसेंजर आली. खिडकी मिळाली, पण खिडकीतून पाहण्यासारखं काही नव्हतं. मार्गशीर्षातही आभाळ भरून आलेलं, पाऊस नाही आणि ऊनही नाही. सगळ्या शेतांवर एकच मळकट रंग. कपाशीची बोंडं फुटून लोंबत होती आणि वेचायला कुणी दिसत नव्हतं. समोरच्या बाकावर एक काकू मोसंब्यांची गोणी पायाशी घेऊन बसल्या होत्या. संभाजीनगर सोडल्यावर त्यांनी चौकशी सुरू केली.

"कुठं निघालात?"

"हसनाबादला. बदनापूरला उतरून."

"कोणाकडं?"

"मैत्रिणीकडे."

"लेकरंबाळं काय तिला?"

आता काय सांगायचं? मी म्हटलं, "मैत्रीण नाहीये आता. तिच्या आईला भेटायला चाललेय." काकूंनी गोणीचं तोंड सोडून दोन मोसंबी काढून माझ्या मांडीवर ठेवली आणि बदनापूर येईपर्यंत एक शब्द बोलल्या नाहीत. उतरताना मात्र त्यांच्या गोणीखाली माझी पिशवी अडकली, आणि ती ओढून काढेपर्यंत एका पाकिटाचा चेंदामेंदा झाला. टॉवेलाला लोण्याचा वास लागला तो अजून गेलेला नाही.

प्रदीप स्टेशनबाहेर मोटरसायकल घेऊन उभा होता. तिशीच्या आतबाहेरचा, अर्चनासारखंच रुंद कपाळ. मी नमस्कार केला आणि दुसरीकडे पाहिलं. त्याने आधी चहा पाजला. चहाच्या टपरीवर तो ग्लास हातात फिरवत राहिला, पीत नव्हता. मग म्हणाला, "ताई, घरी जायच्या आधी एक बोलायचंय."

तो जे बोलला त्याचा सारांश असा. अर्चना परदेशी निघाली तेव्हा मावशींनी, म्हणजे तिच्या आईने, तिच्याकडून एक वचन घेतलं होतं. परत येईस्तोवर सोमवार धरायचा, दोन्ही वेळचा, धान्य तोंडात घालायचं नाही. दर सोमवारी त्या फोन करून विचारायच्या, काय खाल्लंस? पोरगी सांगायची, बटाट्याची भाकर. आईचा जीव भांड्यात पडायचा. बटाटा उपासाला चालतो. पोरीनं एवढ्या लांब राहूनही नेम सोडला नाही.

"आणि आता?" मी विचारलं.

"आता म्हणती, मीच मारलं पोरीला. सोमवार होता. उपाशीपोटी थंडीत निघाली, चक्कर आली असंल, म्हणून गाडीखाली गेली. किती समजावलं, व्हॅन घसरली म्हणून. ऐकतच न्हाई. आता तिचे राह्यलेले सोमवार सोता धरून राह्यली. हाडं निघाली तिची."

मला ती सकाळ जशीच्या तशी आठवत होती. अर्चनाने तव्यावर बटाट्याची भाकर भाजली होती, तिच्या दोन तुकड्यांवर दोन अंडी घेतली होती आणि उभ्याउभ्या चापून खाल्लं होतं. सोमवारचं काय, असं मी तिला कधीकाळी विचारलं होतं. ती म्हणाली होती, "आईशी खोटं कुठं बोलते मी? बटाटाच आहे ना?" त्या भाकरीत बटाट्याबरोबर गव्हाचं पीठ असतं. त्याशिवाय ती जमतच नाही. हे तिने आईला कधी सांगितलं नाही.

"मला माहितीये," प्रदीप म्हणाला. "मोबाइलवर बघितली मी ती भाकर कशी करतात ते. गव्हाचं पीठ असतं. म्हणून तर बोलून राह्यलो. मी राजगिऱ्याचं पीठ आणून ठेवलंय. तुम्ही तेच घाला. उद्या सोमवारच हाय. आईला कळलं की अर्चीनं उपास मोडले, तर उद्या म्हणंल देव कोपला म्हणून गेली. आत्ता कमीत कमी पोरीचं पुण्य तरी हाय तिच्यापाशी."

मी हो म्हटलं. दुसरं काय म्हणणार? पण मोटरसायकलवर बसल्यावर मला ते पटेना. राजगिरा घातला तर मावशी जन्मभर समजणार की मुलगी उपाशी मेली आणि आपणच तिला उपाशी ठेवलं. गहू घातला तर समजणार की मुलीने आपल्याला फसवलं आणि त्याची शिक्षा भोगली. एका लहानशा गोळ्यात कुठलं पीठ पडतं यावर एका बाईचं उरलेलं आयुष्य अवलंबून होतं, आणि ते पीठ मी मळायचं होतं. थंड वारा तोंडावर येत होता. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना तुरी उभ्या होत्या. प्रदीप ओरडून सांगत होता की धुईनं (धुक्यानं) तुरीचा सगळा फुलोरा गळून राह्यला, आणि मी नुसतं हं हं करत होते.

हसनाबादला पोचलो तेव्हा दिवेलागण झाली होती. घर साधं, स्लॅबचं, पुढे पत्र्याची पडवी. मावशी दारातच उभ्या होत्या. मी मनात एक थकलेली म्हातारी धरून आले होते. ही तर उंच, ताठ बाई होती. फक्त ब्लाउजच्या बाह्या दंडावर सैल झाल्या होत्या आणि बांगड्या कोपरापर्यंत सरकत होत्या. त्यांनी माझ्या तोंडावरून हात फिरवला, पायांवर पाणी घालायला लावलं आणि ज्वारीची भाकरी, येसराची आमटी (भाजलेल्या धान्याच्या पिठाची तिखट आमटी) आणि ठेचा असं वाढलं. मी जेवेपर्यंत समोर बसून राहिल्या. माझा प्रत्येक घास त्या बघत होत्या.

"तिकडं थंडी लई असती का गं माय?"

"असते मावशी."

"स्वेटर घालायची का ती?"

"घालायची. दोन-दोन."

"बराबर," त्या म्हणाल्या, आणि आणखी एक भाकरी माझ्या ताटात टाकली.

भिंतीवर अर्चनाचा फोटो होता, नर्सच्या गणवेशातला. हार ताजा होता. तो फोटो मीच काढला होता, आमच्या तिथल्या स्वयंपाकघरात. हार घालून तो इथे असा लागेल, हे तेव्हा कुणाच्या मनात आलं असतं?

सकाळी मी उठले तोवर मावशींची आंघोळ, पूजा सगळं झालं होतं. प्रदीप राजगिऱ्याच्या पुडीकडे हळूच बोट दाखवून शेतात निघून गेला. बाहेर धुई इतकी दाट होती की समोरचं लिंबाचं झाड दिसत नव्हतं. मावशींनी बटाटे उकडून सोलून ठेवले होते. कुकरला भरपूर पाणी घालून, चांगल्या शिट्ट्या काढून. बाजारातला नवा बटाटा, आधीच पाणेरी, तो पार लिबलिबीत झाला होता. तिकडचा बटाटा पिठूळ असतो, हातात धरला की भुगा होतो. मी काही न बोलता तो लगदा तव्यावर टाकला आणि पाणी आटेपर्यंत परतत बसले.

"असंच करायची?" मावशींनी विचारलं.

"पाणी राहिलं की असंच करायची," मी म्हटलं. हे तरी खरं होतं.

लगदा कोमट झाल्यावर त्यातला अर्धा घेऊन त्यात लोणी घातलं, आणि पुडी उघडून राजगिऱ्याचं पीठ. मावशी पाटावर बसून बघत होत्या. त्यांना मी काय करते ते चांगलंच दिसत होतं, आणि मला माझी मान वर करवत नव्हती. गोळा हाताला चिकटत होता. कसाबसा थापला. मग अर्चनाने सांगितलं होतं तसं सांगितलं, की ही गोल थापायची, सुरीने अधिक चिन्हासारखी कापायची, चार तुकडे होतात, तिकडे त्या तुकड्याला फार्ल (चौथा हिस्सा) म्हणतात. आमच्या घरमालकीणबाईंनी तिला हे शिकवलं होतं.

"मला म्हाईत हाय," मावशी म्हणाल्या. "फोनवर सांगितलं होतं तिनं. चार तुकडे, कोरड्या तव्यावर, दोन्ही बाजूंनी डाग पडेस्तोवर. उलटायला सराटा (उलथणं) सुदिक लागत न्हाई, हातानं उलटते म्हणायची."

मी तुकडे तव्यावर टाकले. उलटायला गेले तर पहिला मोडला. दुसरा तव्यालाच धरून बसला. तिसऱ्याचा खालचा भाग तव्यावर आणि वरचा सराट्यावर. सगळ्या तव्यावर पिठलं झालं आणि जळका वास सुटला.

मावशींनी हात लांब करून गॅस बंद केला. जन्मभर भाकऱ्या थापलेली बाई ती. पीठ कुठलं धरतं आणि कुठलं सुटतं, हे तिला काय सांगायचं? त्या तव्याकडे बघत म्हणाल्या, "अशी भाकर हातानं उलटत न्हाई कुणी. ती काय घालायची यात? खरं सांग, माय. मला राग येणार न्हाई."

मला प्रदीपला दिलेला शब्द आठवला. पण समोर त्या दंडावर सैल झालेल्या बाह्या होत्या. मी म्हटलं, "गव्हाचं पीठ."

दारातून धुई आत येत होती, स्वयंपाकघरात गारठा झाला होता. मला वाटलं, आता संपलं सगळं. आता या रडतील, नाहीतर मला जा म्हणतील.

"सोमवारी पण?"

"हो."

"त्या सोमवारी?"

"हो मावशी. मी समोरच होते. दोन तुकडे खाल्ले."

"नुसते?"

आता एवढं सांगितल्यावर लपवून काय उपयोग होता? "नाही. अंडी होती. दोन."

"अंडी," त्या म्हणाल्या. "इथं वासानं घराबाहेर पळायची ती." त्यांच्या तोंडावर जे आलं ते हसू नव्हतं, पण त्याच्या जवळचं काहीतरी होतं. "आन् चहा?"

"चहा पण. मोठा मग भरून. म्हणाली, आज कामावर दम निघणार."

"मंग पोट भरलेलं होतं तिचं."

"भरलेलं होतं. बघणाऱ्यांनी सांगितलं, चक्कर वगैरे काही आली नव्हती. ती नीट कडेने चालत होती. गाडी घसरली."

मावशींनी पदराचं टोक तोंडात धरलं आणि भिंतीकडे तोंड केलं. रडण्याचा आवाज आला नाही. पाठ मात्र हलत होती. मी जागची उठले नाही. उठून जवळ जावं की नाही, हे मला कळलं नाही, आणि मग ती वेळ निघून गेली. थोड्या वेळाने त्या तशाच पाठमोऱ्या म्हणाल्या, "वरीस झालं. सोमवारी घोटभर पाणी पेले तरी मला वाटायचं, माझं लेकरू असंच उपाशी गेलं. खोटारडी. एकदा तरी सांगायचं ना मला. मी काय मारलं असतं का?"

मग त्या उठल्या. तवा बाहेर नेऊन राखेने घासला. आत येऊन गव्हाच्या पिठाचा डबा काढला, उरलेला बटाटा परातीत घेतला आणि माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "किती घालू ते सांग."

मी सांगत गेले, त्या मळत गेल्या. लोणी घातलं. त्यांनी वर मिठाची चिमूट टाकली. मी म्हणणार होते की लोणी खारं आहे, पण राहिलं. चारी तुकडे तव्यावर पडले आणि सवयीने त्यांचा हात पाण्याच्या वाटीकडे गेला, भाकरीवर पाणी फिरवतात तसं फिरवायला. मी त्यांचं मनगट धरलं. "मावशी, पाणी नाही." त्यांचं मनगट माझ्या मुठीत मावून वर जागा उरत होती. त्यांनी वाटी बाजूला सारली.

तुकडे फुलून आले, खाली डाग पडले. मावशींनी ते बोटांनी उलटले, चारही, एकही मोडला नाही. मी विचारलं, फोटोपुढे ठेवायचा का एक?

"नको," त्या म्हणाल्या. "तिनं खाल्लीय."

माझी गाडी दुपारची होती. मी आवरायला आतल्या खोलीत गेले. बाहेर आले तेव्हा मावशी तव्यापाशी उभ्या होत्या आणि डबा बांधून झाला होता. "वाटेत खा," म्हणाल्या. मी म्हटलं, तुमच्यासाठी ठेवा की. त्यावर त्यांनी मला जल्दी कर, गाडी चुकेल, एवढंच सांगितलं. प्रदीप शेतातून आला होता. त्याने माझ्याकडे प्रश्नार्थक पाहिलं. मी पिशवी उचलली आणि मोटरसायकलवर बसले. वाटेत त्याने दोनदा विचारलं, नीट झालं ना ताई? मी म्हटलं, झालं. आपण मोडलेला शब्द मागच्या सीटवरून कबूल करण्याइतकं धैर्य माझ्यात नव्हतं, आणि तो मोडल्याने भलं झालं की वाईट, हेही मला तेव्हा माहीत नव्हतं. बदनापूरला गाडी उशिरा आली.

परतीच्या वाटेवरही आभाळ तसंच होतं. कालचीच शेतं, कालचाच रंग, फक्त उलट्या बाजूने. आपण एका बाईच्या घरात शिरून तिच्या मुलीचं पुण्य काढून घेऊन आलो, असं मला वाटत होतं. लासूर गेल्यावर भूक लागली म्हणून डबा उघडला. आत तीन तुकडे होते. मला वाटलं एखादा खाली चिकटला असेल. डबा वाकडा करून पाहिला. तीनच होते.

तेवढ्यात प्रदीपचा फोन आला. गाडी मिळाली का, जागा मिळाली का, हे सगळं विचारून झाल्यावर तो घुटमळला. "ताई, आईनं आज फराळाला हात लावला न्हाई. भगर केली, तशीच झाकून ठिवली. विचारलं तर म्हणती, पोट भरलंय. तुम्हाला काई बोल्ली का ती?"

"भरलं असेल मग," मी म्हटलं. "आज काही विचारू नका त्यांना. मी उद्या सकाळी फोन करते, तेव्हा सगळं सांगते."

फोन ठेवून मी एक तुकडा खाल्ला. गार झाला होता, थोडा चिवट. मीठ जास्त झालं होतं. खाऱ्या लोण्यावर आणखी मीठ घालायची अर्चनाचीही सवय होती, आणि त्यावरून आमचं तीन वर्षं भांडण होतं. तू हे शिकलीस कुठे, असं मी तिला दरवेळी विचारायचे.